दोन चौकोनांमधली गल्ली

१४ जानेवारी २०२४
नवीन गावठाण, तालुका पवनी

लिलाधर बेटा,

तुझ्या पुस्तकाची सुटी पानं पोचली. पोस्टमन गठ्ठा हातात देत म्हणाला, "बाई, या वयात परीक्षेले बसून राहिल्या का जी?" मी म्हटलं, "हो बाप्पा, भाच्यानंच पेपर पाठवला."

इंग्रजी पुस्तक आलं तेव्हा मी नुसती चित्रं वाचली होती. आता बोलण्याचे फुगे मराठीत भरलेत, तर सगळं घर बोलायला लागल्यासारखं वाटलं. फुग्यांतली बोली आपल्या गावची आहे का ते आत्या तू तपास, असं तू लिहिलंस. तपासली. लाल पेनाने खुणा केल्या आहेत. तुझा बाप 'मला' म्हणत नव्हता, 'मले' म्हणायचा. भर पाण्यात कुणी 'तू काय करत आहेस' असं ओरडत नाही, तोवर जाळं हातचं जाईल. 'का करून राहिला बे' असं कर. बाकी गोदावरीच्या तोंडचं सगळं बरोबर आहे. आईची बोली पोराच्या कानातून जात नाही, हे पाहून बरं वाटलं.

पाणी चढतं ते पान मी मांडीवर घेऊन बसले, पुढ्यातला चहा निवून गेला. वरचे चित्रांचे चौकोन मोठे, मग लहान, मग त्याहून लहान, आणि खाली चौकोनच नाही, नुसता पांढरा कागद. जुनं गाव धरणात असंच गेलं. आधी वावरं, मग घरं, मग देवळाचा कळस. तुझ्या मास्तरांना वाटायचं, हा पोट्टा चित्रांची पुस्तकं वाचून वाया जाईल. आता नागपूरचे प्राध्यापक आपल्या ओट्यावर बसून मला विचारतात, की लहानपणी लिलाधर कोणत्या रंगाची माती कालवायचा. चित्रकथा म्हणजे आता पोरखेळ राहिला नाही, कादंबरीच्या पंगतीला बसली, असं ते म्हणाले. मी म्हटलं, माझ्या घरी ती पहिल्यापासून त्याच पंगतीला होती.

आठवतं का तुला? पवनीच्या बाजारात रद्दीवाल्याजवळ आपण अर्धा दिवस उकिडवे बसायचो. मला अक्षर येत नव्हतं. तू बोट ठेवून सांगायचास, "आत्या, गोल फुगा म्हंजे बोलणं. ढगासारखा फुगा म्हंजे मनातलं." मी विचारलं, आणि दोन चौकोनांच्या मधात हे पांढरं काय सुटलं? तू म्हणालास, "ते गल्ली हाय. तिथं जे होते ते काढत नाही. आपण मनात पाहाचं." मी वाचायला शिकले ती त्या गल्ल्यांतून फिरून.

म्हणून आता लिहिते. शेवटाच्या जरा आधी ते मोठं पान आहे. पानभर एकच चौकोन, खिडकीचे गज, गजांच्या आत तुझा काका कैलाश जेवतो आहे. ताटातल्या माशाला तुझ्या बापाचं, माझ्या श्रावणचं तोंड. कैलाशच्या ओठाला काळा रस्सा लागलेला. पुस्तकात त्याचं नाव तू धनराज ठेवलंस, पण कपाळावरचा, मासे धरायच्या डोंग्याच्या कडेनं पडलेला वण तसाच ठेवलास. श्रावण बुडाला तेव्हा कैलाशनंच त्याला पाण्याबाहेर आणला, हे तू चांगलं दाखवलंस. आणि मग हे पान.

त्या पानावर एकही फुगा नाही. माझ्या लाल पेनाला तिथं काही काम नाही. पण चूक तिथंच आहे, बेटा. मराठी पुस्तक छापायला जायच्या आत मला फोन कर.

तुझी गुणाआत्या


२ मार्च २०२४

लिलाधर,

फोनवर तू एवढंच म्हणालास, "आत्या, मी माह्या डोळ्यांनी पाह्यलं. बाबाच्या वाट्याचा मासा काकानं खाल्ला. आई तशीच उभी होती कुठंतरी." मग रेंज गेली की तूच ठेवलास, ते मला कळलं नाही.

तू खरंच पाहिलंस. तुला खोटा म्हणत नाही. तू खिडकीबाहेर होतास हे मला तुझ्या पुस्तकातूनच कळलं, नाहीतर त्याच दिवशी तुला मांडीवर घेऊन सांगितलं असतं. तू काय पाहिलं नाहीस ते आता सांगते.

जुन्या गावात आपल्या पाच-सहा घरांची एक रीत होती. कुणी पाण्यात गेला तर जो त्याला बाहेर आणतो तो मग मासा खात नाही, जाळ्याला हात लावत नाही. लोक काही बोलत नाहीत, पण मनात येतंच. यानं उशिरा तर उडी मारली नसेल? हात सोडला तर नसेल? त्याच्याही मनात येतं. मग सुतकाचे दिवस झाले की पहिल्या जाळ्यातून मेलेल्याचा वाटा बाजूला काढायचा. त्याच्या बायकोनं तो स्वतः रांधायचा आणि बाहेर आणणाऱ्याला आपल्या हातानं वाढायचा. त्यानं तिच्यासमोर काट्यापर्यंत खायचा. बाकी बोलायचं काही नाही. तिनं वाढलं म्हणजे माझ्या मनात तुझ्याबद्दल काही नाही, जा, पाण्यावर जा. नाही वाढलं तर त्यानं जन्मभराचं पाणी सोडायचं. आणि खाणाऱ्यानं हे आपल्या तोंडानं कधी सांगायचं नाही. मला माफ केलं असं ज्याचं त्यानं सांगितलं तर त्यात काय उरलं? वाढणारीनं सांगावं, नाहीतर घरच्यांनी. मी घरची आहे. गोदावरी तर आता नाही. तू मोठा झाल्यावर तिनं सांगितलंच असतं, पण तू वसतिगृहात गेलास ते सणालाही येईनास, आणि काकासमोर तर आलाच नाहीस.

त्या दुपारी श्रावणच्या वाट्याचा मासा मरळ होता. मी दारात बसले होते. कैलाश ताटावर खाली मान घालून म्हणाला, "वहिनी, नको वाढू. मी पाणी सोडतो. कुठं बी मजुरीले जातो."

गोदावरी म्हणाली, "बसा भाऊजी. तुमी पाणी सोडलं त माह्या लेकराकडं कोण पाहीन?"

तिनं वाढलं. रस्सा ताटाबाहेर सांडला, तो तिनं पदरानं पुसला आणि पुन्हा वाढलं. कैलाश रडत रडत जेवला. नाकातलं पाणी ताटात पडत होतं. मग मागच्या परसात, सांदवाडीत जाऊन त्यानं सगळं ओकून टाकलं, चूळ भरली, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे जाळं घेऊन निघाला. तू शिकलास ते त्या जाळ्यावर. हे उपकार म्हणून सांगत नाही, गोदावरीनं वाढलं कशासाठी ते सांगते.

तू सांदवाडीत कुंपणाशी उभा असशील. तिथून खिडकीच्या गजांत कैलाश दिसायचा, ताट दिसायचं. चूल भिंतीच्या आड होती. गोदावरी तिथं होती, हातात पळी घेऊन. बेटा, तुझी आई गल्लीत राहिली.

मी एकच चौकोन मागते. लहानसा, पानाच्या कोपऱ्यात मावेल एवढा. एक हात, पळी आणि ताट. तोंड नको, फुगा नको. इंग्रजी पुस्तक तिकडचे लोक वाचतात. मराठी पुस्तक आपल्या गावात येईल.

गुणाआत्या


१९ ऑगस्ट २०२४

लिलाधर,

तुझं उत्तर आलं. छापील अक्षरांत होतं, म्हणून चष्म्याची गरज पडली नाही.

तू लिहिलंस की त्या पानाची ताकद त्यातल्या मुकेपणात आहे. बक्षीस देणाऱ्यांनी त्याच पानाचं नाव घेतलं. हात दाखवला तर ते समजावून सांगितल्यासारखं होईल, आणि वाचकाला समजावून सांगायचं नसतं. मी दोनदा वाचलं. तुझ्या कामातलं तुला कळतं. जाळ्याला गाठ कुठं मारायची ते तू मला सांगायला आलास तर मीही असंच म्हणेन, आणि बरोबरच म्हणेन.

तू असंही लिहिलंस की धनराज म्हणजे काका नव्हे, धनराज हे एक पात्र आहे.

हे सेवकरामला कोण सांगणार? मच्छीमार सोसायटीच्या काट्याजवळ रोज माशांचं वजन होतं, तिथं तो बसलेला असतो. मराठी पुस्तक यायचीही वाट पाहावी लागली नाही. कुणीतरी ते पान मोबाईलवर टाकलं. चित्राला कुठं भाषा लागते. परवा कैलाश टोपली घेऊन गेला तर सेवकराम ओरडला, "आपापला वाटा झाका रे, कैलाशभाऊ आले." सगळे हसले. कैलाशही हसला. घरी येऊन सांगतानाही हसत होता, "सेवक्या लई मस्करी करते, बाई." त्याची बायको ज्योत्सना चुलीपाशी होती, तिनं तोंड फिरवलं.

नवी पोरं या पुनर्वसनात जन्मली. चार गावचे लोक एका रांगेत आणून बसवले, कुणाची रीत कुणाला ठाऊक? मी सांगते तर म्हणतात, "आजी घरच्या माणसाची बाजू घेऊन राहिली." सेवकराम तर जुन्या गावचा आहे, त्याला माहीत आहे. पण हसणारे जमले की माहीत असलेलंही माणसाला आठवत नाही.

डोमा इतकी वर्षं कैलाशच्या डोंग्यात बसायचा. एकानं वल्हवायचं, दुसऱ्यानं जाळं ओढायचं, एकट्याचं ते काम नाही. मागच्या आठवड्यात डोमा दारात उभा राहून पायाच्या अंगठ्यानं माती उकरत होता. म्हणाला, "घरची नाही म्हणते जी. म्हणते, त्याच्यासंगं बसून तुमचं काही झालं त तुमचाबी मासा करतीन लोक." कैलाश म्हणाला, "बरं म्हणते. तू नको येऊ." कैलाशचा पोरगा धर्मेंद्र म्हणाला, मी येतो तुमच्या डोंग्यात. त्यालाही नाही म्हणाला. "तुहा डोंगा चांगला चालू हाय, तू तिकडंच राह्य. माह्यासंगं बसशीन त तुहं बी नाव जाईन."

आता तो एकटा जातो. त्याचं वय तुला माहीत आहे.

मी पुन्हा मागते. एक हात.

गुणाआत्या


८ डिसेंबर २०२४

लिलाधर,

नागपुराहून सुखरूप पोचलो. तू पाठवलेली गाडी चांगली होती.

तुझ्या प्रदर्शनाचं आमंत्रण आलं तेव्हा कैलाश खरंच हरखला. "लेकरू बोलावून राहिलं," असं म्हणत त्यानं ज्योत्सनाकडून सदरा इस्त्री करून घेतला. इतक्या वर्षांत तू त्याच्याशी शब्द बोलला नाहीस, त्याला वाटलं आता बोलशील. तुला लहानपणी वाळलेले झिंगे आवडायचे, ते त्यानं निवडून निवडून थैलीत भरले. गाडीत थैली मांडीवर धरून बसला होता. ड्रायव्हरनं काच खाली केली तर म्हणाला, "वास येऊन राहिला का जी? भाचा— नाही, पुतण्या हाय माहा. त्याले आवडते."

एवढं मोठं सभागृह, आणि सगळ्या भिंतींवर आपलं गाव. आपला घाट, आपली चिंच, गोदावरीची चूल. मी कौतुकानं पाहत चालले होते. ज्यांनी चित्रकथेला कधी जवळ केलं नाही असे पांढऱ्या केसांचे लोक हात मागे बांधून एकेका पानापुढं देवळात उभं राहिल्यासारखे उभे होते. मला रडू आलं ते आनंदाचं, हे तुला माहीत असावं म्हणून लिहिते. आणि मग समोरची भिंत. तिथं ते पान तुम्ही माणसाच्या दुप्पट उंचीचं लावलं होतं. कैलाशच्या दोन्ही नाकपुड्यांत माझी मूठ गेली असती.

कैलाशनं पाहिलं. टोपी काढली आणि पुन्हा घातली. म्हणाला, "वण मातर बरोबर काढला."

तू मंचावर त्याच्या पाया पडलास. लोकांनी टाळ्या वाजवल्या. जी बाई सूत्रसंचालन करत होती ती म्हणाली, ज्या माणसातून ही कलाकृती जन्मली तो आज आपल्यात आहे, हे किती विरळा आहे. मग एका मुलीनं उठून विचारलं, "काका, ते जेवताना तुमच्या मनात नेमकं काय चाललं होतं?" वाईट मुलगी नव्हती. वहीत लिहून घ्यायला बसली होती. तिच्या मागून कुणीतरी हळूच म्हणालं, "चव कशी होती विचार." हळूच म्हणालं, पण माईक सुरू होता.

कैलाशला सांगता येत नव्हतं. रीत तशी. त्यानं माझ्याकडं पाहिलं, मग तुझ्याकडं पाहिलं. तुला मी लिहून कळवलं होतं, तूही घरचाच. तू सांगू शकत होतास.

मग तो म्हणाला, "मीठ जरा कमी पडलं होतं."

सगळं सभागृह हसलं. तू हसला नाहीस, ते मी पाहिलं. पण माईकही घेतला नाहीस.

मी हात वर केला. बाई म्हणाली, वेळ संपली, जेवणाची व्यवस्था मागे आहे. मी उभी राहून तरी बोलले. गोदावरीनं वाढलं होतं, असं म्हटलं. जवळच्या चार-सहा लोकांनी ऐकलं. एक जण म्हणाला, "वा. म्हणजे पानाला अजून एक अर्थ आहे." आणि ताट घ्यायला गेला.

जेवणात मासे ठेवले होते. कुणी ठेवले ते मी विचारत नाही. कैलाशच्या ताटात एका पोरानं वाढला आणि आजूबाजूचे मोबाईल वर झाले. कैलाशनं मासा ताटाच्या कडेला सारला, नुसता भात खाल्ला, कोरडा. त्या दिवसापासून घरीही मासा खात नाही.

निघताना तू दुसऱ्या कुणाशी बोलत होतास, म्हणून त्यानं झिंग्यांची थैली दारातल्या मुलीजवळ दिली. "लिलाधरले द्या जी, म्हणा काकानं आणले." तिनं दोन बोटांत धरली. आम्ही गाडीत बसलो तेव्हा थैली बाहेर पायरीवर होती. कैलाशनं पाहिली की नाही मला माहीत नाही. तो दुसऱ्या बाजूला पाहत होता.

पुस्तक छापायला अजून गेलं नाही, असं ती बाई म्हणाली. म्हणून पुन्हा लिहिते.

गुणाआत्या


९ फेब्रुवारी २०२५

लिलाधर,

कैलाश गेला. फोन लागला नाही, तू परदेशात आहेस असं कळलं.

एकटाच जाळं ओढत होता. जुन्या गावच्या चिंचेचा बुंधा पाण्याखाली अजून उभा आहे, तिथं जाळं अडकलं. सोडवायला वाकला, दोरीत पाय गुंतला आणि पाण्यात ओढला गेला. डोंगा उलटा झाला नाही, तसाच तरंगत होता. दुसरा माणूस डोंग्यात असता तर कोयत्यानं दोरी कापली असती, एवढंच काम होतं.

धर्मेंद्रनं त्याला बाहेर आणला. खांद्यावर घेऊन काठापर्यंत चालत आला, कुणाला हात लावू दिला नाही.

सेवकराम अंत्यविधीला आला होता. रडला. खोटं रडला असं मी म्हणणार नाही.

यायला जमलं तर ये. नाही जमलं तरी धर्मेंद्रसाठी एक गोष्ट कर. ज्योत्सना तुझ्या त्या पानाचं नाव घेतलं की उठून आत जाते. दिवस झाल्यावर तिला वाढायचं आहे. तो हात कागदावर काढून पाठव. पुस्तकासाठी नको आता. तिला दाखवण्यासाठी पाठव, की हे असं असतं, यात लाजण्यासारखं काही नाही.

गुणाआत्या


२३ मार्च २०२५

लिलाधर,

तुझं पाकीट पोचलं. वेळेवर पोचलं, ज्योत्सनानं वाढायचं होतं त्याच दिवशी दुपारी. उशीर झाला असं मनाला लावून घेऊ नकोस.

चित्र मी खिडकीजवळ नेऊन पाहिलं. तसाच हात आहे. मनगटावरचं गोंदण तुला आठवलं, बांगड्या काढल्या नाहीस तेही आठवणीनं. पळीतून एक थेंब ताटाबाहेर पडतो आहे. तो मी तुला लिहिला होता, तू ठेवलास. पोरा, तुझ्या हातात देवच आहे. हे मी रागानं लिहीत नाही.

कैलाशचे दिवस झाले. पहिल्या जाळ्याचा वाटा डोमा घेऊन आला. दारातच टोपली ठेवली, आत आला नाही. मरळच होती. ज्योत्सनानं साफ केली, मसाला वाटला, सगळं केलं. धर्मेंद्र आंघोळ करून ताटावर बसला. इतके दिवस त्यानं जाळ्याला हात लावला नव्हता, त्याचा डोंगा काठावर उपडा होता. दुसरा धंदा त्याला येत नाही.

ज्योत्सना उठली. आधी समोरचं दार लावलं. मग सांदवाडीकडची खिडकी लावली. खिटी बसत नव्हती, तर फटीत चिंधी कोंबली. मग चुलीपाशी आली.

मी तुझं चित्र तिच्यासमोर धरलं. म्हटलं, "पाह्य माय. गोदावरीचा हात असा होता. तिलेबी जड गेलं होतं."

तिनं पदराला हात पुसून कागद घेतला. पुष्कळ वेळ पाहिला. "बाई, हे कोणं पाह्यलं होतं?"

"कोणीच नाही. मी सांगितलं, त्यानं काढलं."

"म्हंजे हेबी आता लोकं पाहातीन."

"पुस्तकात नाही यायचं. तुह्यासाठी पाठवलं त्यानं."

"आज माह्यासाठी. उद्या?" ती म्हणाली. आवाज चढला नव्हता, भाव विचारावा तसं बोलत होती. कागद तिनं उपडा करून मडक्यावर ठेवला, पळी हातात घेतली, रश्श्यात बुडवली. वर आणली. धर्मेंद्रकडं पाहिलं. तो वाकून बसला की बापासारखाच दिसतो, तसाच पाठीला बाक.

धर्मेंद्र म्हणाला, "वाढ ना आई. मले पाण्यावर जाचं हाय."

"तू बापाचा मासा खाशीन," ती म्हणाली, "अना मंग भिंतीवर लागशीन. लिलाधरनं तुह्या बापाले भिंतीवर लावला तसा."

"काकूनं बाबाले वाढलंच होतं ना? आत्याबाई सांगते ना?"

"वाढलं होतं. मंग का झालं बाप्पा? ज्याले वाढलं त्याले का मिळालं?"

तू तिथं असतास तर तुला तरी उत्तर आलं असतं का, माहीत नाही.

पळी रिकामी होईपर्यंत तिनं ती भांड्यावर तशीच धरली. मग भांड्यावर झाकण ठेवलं आणि मागच्या दारानं निघून गेली. धर्मेंद्र ताटावर बसून राहिला. ताट कोरडं होतं. त्यानं पाण्याचा तांब्या उचलून त्या ताटातच हात धुतला, जेवण झाल्यावर धुतात तसा.

सकाळी मी भांडं सांदवाडीत नेऊन कुंपणाखाली पुरलं. मांजरीनं उकरू नये म्हणून वर दगड ठेवला. धर्मेंद्रनं जाळं डोमाच्या पोराला देऊन टाकलं. नागपूरला कुठल्याशा इमारतीत वॉचमन म्हणून लागला आहे. पाणी दिसत नाही तिथं, बरं आहे म्हणतो.

तुझं चित्र परत पाठवते. ज्योत्सनानं फाडलं नाही, चुलीत घातलं नाही. घडी न पडू देता माझ्या हातात दिलं. म्हणाली, "त्याले सांगा, हात लई चांगला काढला. माह्या हाताले मातर तसं वाढाचं आता येत नाही."

मराठी पुस्तकात तो चौकोन घालू का, असं तू पाकिटात विचारलं आहेस. घाल, नाहीतर नको घालू. मी आता काही मागत नाही. फुगे तपासलेली उरलेली पानंही याच्यासोबत आहेत.

हे सगळं तू कधीतरी काढशील, ते मला ठाऊक आहे. ज्याच्या हातात आहे त्यानं काढावंच. एक चौकोन काढशील, ज्योत्सना खिडकी लावते आहे. दुसरा काढशील, धर्मेंद्र ताटात हात धुतो आहे. लोक मधल्या पांढऱ्या गल्लीत थांबतील, हात मागे बांधून, आणि आत काहीतरी मोठं, सुंदर घडलं असेल असं मनात पाहतील.

त्यांना पाहू दे. तुला मात्र मी शिकवलेलं नाही, तू मला शिकवलंस, म्हणून सांगते. त्या गल्लीत या वेळी काहीच झालं नाही, बेटा.

गुणाआत्या